एकशे सोळा रुपये, दहा आणे, आठ पै

आमच्या धाकट्या चिरंजीवांनी परवा मला नोकरीबद्दल सल्ला दिला. नववीतला मुलगा बापाला नोकरीबद्दल सल्ला देतो, यावरून घरातलं माझं वजन वाचकांच्या ध्यानात आलंच असेल. त्याचं म्हणणं असं, की बाबांनी बँकेत कारकुनी करण्यापेक्षा 'टाइम व्हेरिअन्स ऑथॉरिटी'त अर्ज टाकावा. मला आधी वाटलं, हे रेल्वेचं एखादं खातं असेल. गाड्यांच्या वेळेत जो फरक पडतो त्याची चौकशी करणारं. बदनापूर स्टेशनच्या बाकड्यावर उमेदीची वर्षं घालवलेल्या माणसाला दुसरं काय सुचणार!

पण ते तसं नव्हतं. अमेरिकन चित्रकथांत १९८६ साली अवतरलेलं आणि २०२१ पासून 'लोकी' नावाच्या मालिकेत दिसणारं हे एक काल्पनिक कार्यालय आहे. विश्व एक नाही, पुष्कळ आहेत. ती आपापल्या रुळावरून शेजारी शेजारी चाललेली असतात. एखादं रूळ सोडू लागलं की या कार्यालयाची माणसं जाऊन त्याचा बंदोबस्त करतात. चिरंजीवांनी मला एक भाग दाखवला. लांबच लांब हॉल, टेबलामागे टेबल, फायलींची चळत, टोकन घेतल्याशिवाय पुढे न सरकणारी रांग, आणि सर्वांत वरचे साहेब खरोखर आहेत की नुसतेच टांगलेले फोटो आहेत, हे कोणालाही ठाऊक नाही. मी म्हटलं, "अरे, हे तर आमचं विभागीय कार्यालय!"

"बाबा, तुम्हाला यातलं काही कळत नाही," असा निकाल लागला.

कळत नाही म्हटलं की मी वाचायला लागतो. बी.कॉम. झालेल्या माणसाची ही जुनी खोड. आम्हाला सगळ्यांनीच कळत नाही म्हटलेलं असतं. तर शोधता शोधता असं दिसलं, की या धंद्यातला जुना भिडू म्हणजे एच. बीम पायपर नावाचा अमेरिकन लेखक. त्याने १९४८ साली समांतर जगांवर पहारा ठेवणारे पोलीस कागदावर उतरवले. हा गृहस्थ स्वतः रेल्वेच्या नोकरीत होता, हे वाचून मला त्याच्याबद्दल एकदम आपुलकी वाटली. पुढे १९५५ साली आयझॅक असिमॉव्हने 'द एंड ऑफ इटर्निटी' या कादंबरीत काळाच्या बाहेर बसून इतिहास दुरुस्त करणारं आख्खं खातंच उघडलं. त्यात हुद्दे आहेत, वरिष्ठ-कनिष्ठ आहेत, एकमेकांवर जळणंही आहे. आपल्याकडे जयंत नारळीकरांचे गंगाधरपंत पानिपताच्या पलीकडच्या जगात जाऊन आले; तिथे विश्वासरावांना लागायची ती गोळी चुकली आणि मराठे जिंकले. पण पंत बिचारे एकटेच गेले. पाठीमागे ना खातं, ना प्रवासभत्ता.

या सगळ्या मंडळींचं एका गोष्टीवर एकमत दिसतं. जग फुटायला एखादा सांधा लागतो. एखादी गोळी, एखादा वळसा, एखादी चुकलेली गाडी. हे वाचलं आणि मी ताठ बसलो. कारण असा सांधा आमच्या बदनापुरात आहे. थट्टा नाही, चांगला छापील पुरावा आहे.

२१ सप्टेंबर १८०३. शिंदे आणि नागपूरकर भोसले यांच्या फौजेचा माग काढीत दोन इंग्रजी फौजा आमच्या गावाशी येऊन भेटल्या. एकीचा सेनापती आर्थर वेलस्ली, जो पुढे ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला आणि वॉटर्लूवर नेपोलियनला भारी पडला. दुसरीचा कर्नल स्टीव्हन्सन. बदनापुरात दोघांची बैठक झाली. ठरलं असं, की बदनापूर आणि जालना यांच्यामधल्या डोंगरांना एकाने पूर्वेकडून वळसा घालायचा, दुसऱ्याने पश्चिमेकडून, आणि २४ तारखेला सकाळी दोघांनी मिळून हल्ला करायचा. २२ला दोघे दोन वाटांनी निघाले. आता सरकारी बैठकीत ठरलेली तारीख पाळली गेली, असं कधी झालंय का? वेलस्लीला २३ तारखेलाच समोर शत्रू दिसला. स्टीव्हन्सनची वाट पाहायची की भिडायचं? तो एकटाच भिडला. केळणा आणि जुई या नद्यांच्या बेचक्यात असईची लढाई झाली. इंग्रजांच्या बाजूचे सव्वाचारशेच्या वर ठार, अकराशेच्या वर जखमी, शिंद्यांच्या बाजूचे त्याहून कितीतरी जास्त. स्टीव्हन्सनसाहेब पोचले २४च्या संध्याकाळी. त्यांच्या हाती लढाईऐवजी जखमी आले.

म्हणजे बघा, त्या दिवशी बदनापुरात दोघांनी वाटा बदलून घेतल्या असत्या तर? असईत आधी स्टीव्हन्सन पोचला असता आणि म्हणाला असता, ठरलंय चोवीसला, मी काही तेवीसला लढत नाही, तर? माझं स्वतःचं मत असं, की स्टीव्हन्सन हा मनाने बँकेतला माणूस असावा.

पण लढाई झाली ती झाली, आणि तिची किंमत डिसेंबरात सुर्जी-अंजनगावच्या तहात वसूल झाली. शिंद्यांनी अजिंठ्याच्या डोंगराच्या दक्षिणेकडचा जो मुलूख सोडला त्यात जालन्याचा किल्ला आणि परगणा होता. पुढे तो इंग्रजांचे दोस्त म्हणून निजामाच्या पदरात पडला. तिथून पुढची जवळजवळ दीडशे वर्षं, म्हणजे सप्टेंबर १९४८पर्यंत, आमची माणसं मोगलाईत. आणि इथेच खरी गंमत सुरू होते. चिरंजीवांच्या मालिकेत समांतर विश्वात जायला चकाकणारा दरवाजा लागतो. आमच्या आजोबांना मनमाडचं तिकीट पुरत असे.

अहो, खरंच. बदनापूर एका जगात होतं आणि मनमाड दुसऱ्या. इकडे निजामाची मीटरगेज, तिकडे ग्रेट इंडियन पेनिन्सुलाची ब्रॉडगेज. दोन्हींचे डबे एकमेकांच्या रुळावर चालत नसत, म्हणून इकडच्या कापसाच्या गाठी मनमाडला उतरायच्या आणि तिकडच्या डब्यात चढायच्या. दोन विश्वांमधला तो चकाकता दरवाजा म्हणजे मनमाडच्या हमालांच्या घामेजलेल्या पाठी. इकडे फसली सन, तिकडे इसवी. फसलीत पाचशेनव्वद मिळवले की साधारण इसवी हाती लागायचा. साधारणच, कारण इकडचं वर्ष ऑक्टोबरात बदलायचं. इकडे कचेरीत उर्दू, तिकडे इंग्रजी. सरहद्दीवर करोडगिरीचे नाके, म्हणजे जकातीचे. पोस्टाची तिकिटंसुद्धा दोन राज्यांची दोन. आणि या सगळ्याच्या वर, नाणं वेगळं.

इकडचा रुपया 'हाली', तिकडचा 'कलदार'. हाली म्हणजे हल्ली चालू असलेला, आपल्या 'हल्ली'चाच सख्खा भाऊ. कलदार म्हणजे कळीवर, यंत्रावर पाडलेला. पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला निजामाच्या टाकसाळीतही यंत्रं आली, चारमिनारचं चित्र असलेले गुळगुळीत रुपये पडू लागले, पण त्यांना कोणी कलदार म्हटलं नाही. यंत्र आलं म्हणून काय झालं, हाली तो हालीच. आमच्या बँकेत संगणक आल्यावर मलाही कोणी अधिकारी म्हटलं नाही, तसंच हे.

१९१८पासून निजामाच्या कागदी नोटाही आल्या. त्यांच्यावर उर्दूबरोबर मराठीतही किंमत लिहिलेली असे.

आता हाली आणि कलदार यांच्यात फरक पडायचा, त्याला म्हणत 'बट्टा'. ठरीव हिशेब सात हालीला सहा कलदार. म्हणजेच शंभर कलदारांना एकशे सोळा रुपये, दहा आणे, आठ पै हाली. हा आकडा मी लहानपणी पाढ्यांच्या आधी शिकलो, कारण आमचे आजोबा जालन्याला एका कापसाच्या अडत्याकडे मुनीम होते. रोज बदनापुराहून गाडीने जायचे. त्यांच्या बंडीला दोन खिसे. डाव्यात हाली, उजव्यात कलदार. मुंबईचा व्यापारी भाव बोलायचा कलदारात, शेतकऱ्याच्या हातात पडायची हाली, सारा भरायचा हालीत. भाव बोलण्यापासून पैसा हातात पडेपर्यंत बट्टा कोणाच्या अंगावर पडला, हे ज्याला कळायचं तो अडत्या व्हायचा. ज्याला कळायचं नाही तो शेतकरी राहायचा. आजोबा दोघांच्या मधे बसायचे आणि ती आठ पै कधी सोडायचे नाहीत.

"कामून हो आबा, आठ पैला काय येतं?" असं मी एकदा विचारलं.

"आठ पैला काही येत न्हाई," आजोबा म्हणाले. "पन सोडली की हिशोब जुळत न्हाई. अन् हिशोब जुळला न्हाई की रातच्याला झोप येत न्हाई."

हे दोन रुपये एकमेकांपासून भरकटू नयेत, म्हणून हैदराबाद सरकारने चक्क एक राखीव निधी ठेवला होता. त्याचं नावच उस्मानिया सिक्क्याचा स्थिरीकरण निधी. आणि पुढे १९४१ साली कायदा करून हैदराबाद स्टेट बँक काढली. ५ एप्रिल १९४२ला हैदराबादेत गनफाउंड्रीला तिची पहिली शाखा उघडली. इतर बँकिंग होतंच. पण निजामाचं चलन सांभाळणं हे तिचं खास काम. म्हणजे दोन जगांचा तोल सांभाळणारी संस्था! काल्पनिक नव्हे, खरी. अंतराळात नव्हे, गनफाउंड्रीला. तिथल्या कारकुनांच्या अंगावर चिलखत नव्हतं, हातात छाटणीचं यंत्र नव्हतं. लेखणी होती, टीपकागद होता, आणि सात-सहाचा पाढा होता. पायपरच्या पोलिसांच्या आधी सहा वर्षं ही माणसं कामावर रुजू झाली होती, आणि त्यांच्यावर अजून कोणी मालिका काढलेली नाही. मी चिरंजीवांना हे सांगितलं. ते म्हणाले, "बाबा, यात फायटिंग कुठंय?"

फायटिंग होतं. ते पुढे आलं.

१५ ऑगस्ट १९४७ला मनमाडच्या जगात तिरंगा फडकला. आमच्या जगात निजामाने सामील व्हायला नकार दिला. २९ नोव्हेंबरला दोघांमध्ये 'जैसे थे' करार झाला, म्हणजे वर्षभर दोन्ही जगं होती तशीच शेजारी शेजारी राहणार. आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत हैदराबाद सरकारने वटहुकूम काढला, की भारताचं चलन आमच्या राज्यात कायदेशीर नाही. कादंबरीकार जग फुटायला तोफ उडवतात, गोळी चुकवतात. इथे एक कागद निघाला आणि आजोबांच्या बंडीचा उजवा खिसा एका रात्रीत बेकायदा झाला.

पुढचं सगळं इतिहासाच्या पुस्तकात आहे. भारताने नाकेबंदी केली. रझाकारांचा धुमाकूळ सुरू झाला. गावंच्या गावं सरहद्दीपलीकडे सरकली. आमच्याकडे आजोबांनी आजीला आणि दोन लेकरांना घेतलं आणि मनमाडच्या अलीकडे-पलीकडे सोयरे होते त्यांच्याकडे निघाले. जवळ होते एकशेचाळीस रुपये. सगळे हाली, कारण कलदार जवळ बाळगायची सोय राहिली नव्हती. ठरीव हिशेबाने त्याचे एकशेवीस कलदार व्हायला पाहिजेत. तुम्ही करून बघा, आठ पैचाही घोळ नाही, तंतोतंत एकशेवीस.

तिकडच्या वाण्याने नोट उलटीसुलटी केली. म्हणाला, "ही चालत नाही."

आजोबा म्हणाले, "अहो, मराठीत लिहिलंय की तिच्यावर. वाचा."

"मराठी वाचता येतं मला," वाणी म्हणाला. "पण उद्या तुमचा राजा राहील का जाईल, ते कुठं लिहिलंय तिच्यावर?"

बोलणं तसं चूक नव्हतं. एकशेचाळीसचे नव्वद मिळाले. आजोबांनी मोजून घेतले, रात्री चोपडी काढली आणि लिहिलं : 'सरकार नावे रु. ३०, बट्टा.' कोणतं सरकार, हे लिहिलं नाही. ते त्या वेळी कोणालाच सांगता आलं नसतं. त्या तिसात घरातलं काय काय गेलं हे आजी सांगायची, पण आजोबांच्या देखत कधी नाही. धाकटं लेकरू त्या पावसाळ्यात तापाने गेलं. डॉक्टर होता, पण तो कलदारातला होता. चोपडीत त्याची नोंद नाही.

त्याच दिवसांत सरहद्दीवर स्वातंत्र्यसैनिकांचे कॅम्प होते. त्यांनी करोडगिरीचे नाके जाळले. आणि ३० जानेवारी १९४८ला, तिकडे दिल्लीत गांधीजींवर गोळ्या झाडल्या गेल्या त्याच दिवशी, नांदेडकडच्या उमरी गावात त्यांनी हैदराबाद स्टेट बँकेची शाखाच लुटली. लाखोंची रक्कम. आता मी पडलो बँकेतला माणूस. बँक लुटल्याची गोष्ट वाचताना माझा जीव आपोआप कॅशियरकडे ओढ घेतो. पण पुढचं वाचलं आणि मी खुर्चीतून उठलो. त्या मंडळींनी लुटीचा हिशेब ठेवला आणि तो स्टेट काँग्रेसकडे चोख दिला! आमच्याकडे चहाच्या वर्गणीचा हिशेब द्यायला सेक्रेटरी तीन महिने घेतो. जंगलात, पाठीवर पोलीस असताना, लुटीच्या पैशाचा ताळमेळ ठेवणाऱ्यांना मी मनातल्या मनात सलाम करतो.

१३ सप्टेंबर १९४८ला भारतीय फौज आत शिरली. १४ला औरंगाबाद, म्हणजे आजचं छत्रपती संभाजीनगर, हाती आलं. दुसऱ्या दिवशी जालना. या दोन्हींच्या मधल्या रस्त्यावर बदनापूर. एकशे पंचेचाळीस वर्षांपूर्वी वेलस्ली ज्या मुलखातून गेला, त्याच मुलखातून ही फौज गेली. १७ तारखेला निजामाने हात वर केले.

गोष्टीत अशा वेळी दोन जगं धाडकन एकजीव होतात आणि पडदा पडतो. प्रत्यक्षात पडदा पडायला आणखी अकरा वर्षं लागली, आणि ती अकरा वर्षं कोणी सांगत नाही, कारण ती सगळी कारकुनांची आहेत. राजा गेला म्हणून लोकांच्या डब्यातला पैसा कसा जाणार? हाली आणि कलदार, दोन्ही चालू राहिले. सात-सहाचा पाढाही चालू राहिला. १९५१पासून नवी हाली निघणं थांबलं. जुनी बाजारात फिरतच होती. त्यातच १ एप्रिल १९५७ला सरकारने दशमान पद्धत आणली. रुपयाचे शंभर नये पैसे. आता विचार करा : एका माणसाच्या खिशात हालीचे आणे, कलदारचे आणे आणि वर नये पैसे. एका हाली रुपयाचे नये पैसे किती? शंभर गुणिले सहा भागिले सात. पंच्याऐंशी, पूर्णांक, आणि पुढे अपूर्णांकांची जी माळ सुरू होते ती संपतच नाही. एक हाली आणा म्हणजे पाच नये पैसे आणि वर एक तृतीयांशाहून जरा जास्त. तो 'जरा' काउंटरवर कोणी कोणाला द्यायचा? आजोबा सांगायचे, जालन्याच्या बाजारात त्या वर्षी भाजीवरून जेवढी भांडणं झाली तेवढी रझाकारीतही झाली नसतील. हे अर्थात आजोबांचं मत.

अखेर १९५९ साली हाली कायमची बंद झाली. हल्ली चालू असलेलं नाणं हल्ली बंद आहे, असं म्हणायची पाळी आली. हैदराबाद स्टेट बँकेचं नाव त्याआधीच, १९५६ साली, स्टेट बँक ऑफ हैदराबाद झालं होतं. १ एप्रिल २०१७ला तीही भारतीय स्टेट बँकेत विलीन झाली. मीटरगेज गेली, मनमाडच्या हमालांच्या पाठीवरचा तो दरवाजा गेला.

राहिली ती आजोबांची चोपडी. त्यात 'सरकार नावे रु. ३०' ही नोंद दर दिवाळीला पुढच्या पानावर ओढलेली आहे. लष्करी अंमल आला, ओढली. मुलकी सरकार आलं, ओढली. १९५२ची निवडणूक झाली, ओढली. १९५६ला आम्ही द्वैभाषिक मुंबई राज्यात गेलो आणि १९६०ला महाराष्ट्रात, तरी बाकी तीस ती तीसच. व्याज लावलेलं नाही. मी एकदा म्हटलं, "आबा, आमच्याकडे असं येणं बुडीत म्हणून माफ करतात. राइट ऑफ म्हणतात त्याला."

"तुमच्या बँकेत करत असतील," आजोबा म्हणाले. "देनारा हाये ना अजून? मंग बुडीत कसं?"

मी बँकेत चिकटलो तेव्हा ते ऐंशीच्या घरात होते. नेमणुकीचं पत्र घेऊन मी पाया पडलो. त्यांनी विचारलं, "पगार किती?"

"सहा हजार, आबा."

"हाली का कलदार?"

"कलदार."

आजोबांनी डोळे मिटले, बोटांच्या पेरांवर अंगठा फिरवला आणि खूश झाले. त्या संध्याकाळी पारावर जाऊन त्यांनी सगळ्यांना सांगितलं, की नातवाला सात हजार पगार आहे. पुढची बरीच वर्षं गावात माझ्याकडे लग्नकार्याची वर्गणी मागायला येणारी माणसं सातच हजार धरून येत असत.